पिल्लांना बल्बची ऊब द्यायची तर आधी खोलीतला कापूस हलवा

दिवाळी झाली की आपल्याकडे जळगाव-धुळे-नंदुरबार पट्ट्यात दोन गोष्टी एकाच टायमाला घरात येतात, कापूस आणि कोंबडीची पिल्लं. कापूस भाव वाढायची वाट बघत खोलीत छतापर्यंत रचलेला असतो, आणि पन्नासेक गिरीराज नाहीतर कावेरीची पिल्लं खोक्यातून उतरवून "हीच खोली गरम आहे, ठेव इथंच" म्हणून त्याच खोलीत बल्ब टांगला जातो. पुढचं सगळं वाचायचा कंटाळा आला तरी एवढं वाचा. ज्या खोलीत कापूस, सरकी, कडबा, पऱ्हाट्या नाहीतर रिकाम्या बारदानांचा ढीग आहे तिथे हीट लॅम्प लावायचा नाही म्हणजे नाही. अडीचशे वॅटचा लाल बल्ब ही उजेडाची वस्तू नाही, ती उलटी टांगलेली शेगडी आहे, आणि शेगडी कापसात कोणी ठेवत नाही.

आता ऊब लागतेच का, तर हो, लागतेच. एक दिवसाच्या पिल्लाच्या अंगावर नुसती लव असते, पिसं नसतात, आणि स्वतःचं अंग गरम ठेवायची ताकद त्याला पहिले दोन-तीन आठवडे नीट नसते. खुडूक कोंबडी असली तर ती पंखाखाली घेते, विषय संपला, तिला ना वायर लागते ना मीटर. पाच-दहा पिल्लं आणि एक चांगली खुडूक कोंबडी असेल तर माझं ऐका, बल्बच्या भानगडीत पडूच नका. पण हॅचरीतून पंचवीस-पन्नास पिल्लं आणलीत तर आई तुम्हीच, मग पुढचं वाचा.

खोली कोणती

धाब्याचं, म्हणजे मातीच्या छताचं घर असेल तर नशीबवान आहात, माती रात्री लवकर थंड होत नाही आणि दुपारी लवकर तापत नाही. स्लॅबची खोली चालते. पत्र्याची खोली सगळ्यात वाईट, डिसेंबर-जानेवारीत पहाटे चार-पाचला पत्रा इतका गार पडतो की बल्बची ऊब वरच्यावर निघून जाते, धुळ्याकडे तर पारा दहाच्या खाली जातो हे काय नवीन नाही. पत्र्याचीच खोली असेल तर गोलाच्या (पिल्लांभोवती करायच्या गोल आडोशाच्या) वर तीन-चार फुटांवर छत धरायचं, पण ते प्लॅस्टिकच्या ताडपत्रीचं नको, फळ्यांचं नाहीतर सिमेंट शीटचं, आणि बल्बच्या वायरपासून लांब.

स्वयंपाकघर नको. एकतर गॅसचं सिलिंडर, दुसरं म्हणजे पिल्लांच्या विष्ठेत साल्मोनेला हा आजाराचा जंतू असू शकतो, आणि तिसरं बऱ्याच जणांना माहीत नसतं, नॉनस्टिक तवा जास्त तापला की त्यातून जो धूर निघतो त्याने पक्षी मरतात, आपल्याला वासही धड येत नाही आणि पिल्लं मात्र पटापट जातात. झोपायची खोलीही नको. लहान पोरं, मच्छरदाणी, दोरीवर वाळत घातलेल्या साड्या, हे सगळं बल्बशेजारी नको. घरात दोरी असतेच आणि सिंथेटिकची साडी वाऱ्याने सरकत सरकत नेमकी बल्बवर येते, म्हणून पिल्लं असेपर्यंत त्या खोलीतली दोरीच सोडून टाका.

उंदीर-घूस-मांजर येणार नाही अशी खोली बघा. उंदीर दोन कामं करतो, रात्री पिल्लू ओढतो आणि वायर कुरतडतो, दुसरं जास्त महागात पडतं.

बल्ब कोणता

नवीन माणूस पहिली चूक इथेच करतो, दुकानात जाऊन "पिल्लांसाठी बल्ब द्या" म्हणतो आणि एलईडी घेऊन येतो. एलईडीला उजेड आहे, कामापुरती ऊब नाही. पिल्लं रात्रभर त्याच्याखाली काकडतात आणि मालकाला वाटतं बल्ब तर चालू आहे. तारेचा पिवळा बल्ब पाहिजे, साठ किंवा शंभर वॅटचा, नाहीतर इन्फ्रारेड बल्ब जो दीडशे किंवा अडीचशेत येतो. सिरॅमिकचा हीटर बल्बपण मिळतो, तो उजेड देत नाही, नुसतीच ऊब. पण तो चालू आहे की बंद ते डोळ्याला दिसत नाही म्हणून नवख्याला मी तो सांगत नाही, चुकून हात लागला तर चामडी निघते.

हिशेब सोपा आहे, एका पिल्लाला साधारण दोन वॅट. पंचवीस पिल्लं असतील तर साठचा एक, पन्नास असतील तर साठचे दोन. कडाक्याची थंडी आणि पत्र्याची खोली असेल तर वाढवा. अडीचशेचा एक मोठा घेण्यापेक्षा लहान दोन-तीन घ्यावेत हे माझं ठाम मत आहे, कारण रात्री दोनला एक उडाला तरी दुसरा चालू राहतो, आणि जास्त ऊब झाली तर एक बंद करता येतो. लाईट बिलाचं म्हणाल तर अडीचशेचा बल्ब चोवीस तास जाळला तर सहा युनिट, साठचे दोन मिळून तीनच्या आत.

लाल काचेचा असेल तर अजून चांगलं. पांढऱ्या उजेडात रात्रभर ठेवलं की पिल्लं झोपत नाहीत आणि मग एकमेकांना टोचायला लागतात. शॅटरप्रूफ म्हणून जो टेफ्लॉनचा थर दिलेला बल्ब मिळतो तो मात्र घेऊ नका, वर नॉनस्टिकचं सांगितलं तीच गोष्ट.

टांगायचा कसा, इथे घाई करू नका

होल्डर चिनीमातीचा घ्या. साधा काळा बॅकेलाइटचा किंवा प्लॅस्टिकचा होल्डर अडीचशेच्या बल्बला आठवडाभरात तडकतो, आधी माशासारखा उग्र वास येतो, मग पिवळा पडतो, मग बल्ब खाली. खाली म्हणजे कुठे, तर पिल्लांखाली अंथरलेल्या वाळलेल्या भुशात, म्हणजे तुसात. पिल्लांच्या खोलीला आगी लागतात त्या बऱ्याचदा अशाच, शॉर्ट सर्किट झालं असं नंतर सगळे म्हणतात पण बल्ब पडलेला असू शकतो.

म्हणून बल्ब वायरवर लोंबकळत ठेवायचा नाही. वायर फक्त करंट आणायला, वजन धरायला लोखंडी साखळी. छताच्या हुकाला एक साखळी, आणि ती सुटलीच तर दुसऱ्या खिळ्याला बांधलेली जाड बाइंडिंगची तार, दोन्ही वेगवेगळ्या ठिकाणी अडकवलेल्या. सुतळी नको, नायलॉनची दोरी तर मुळीच नको, गरम झाली की वितळते. बल्बवर पत्र्याची शेड आणि शेडच्या तोंडाला तारेची जाळी, म्हणजे पिल्लू उडालं किंवा बल्ब फुटला तरी काच आणि भुसा यांची गाठ पडत नाही. पिल्लं दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात उड्या मारायला लागतात हे लक्षात असू द्या.

उंची, अडीचशेचा असेल तर बल्बच्या तळापासून भुशापर्यंत दीड फूट, त्याच्या खाली आणायचाच नाही, थंडी कितीही असू द्या. थंडी जास्त वाटली तर बल्ब खाली घेण्याऐवजी अजून एक बल्ब लावा. साठ-शंभरचा फूटभर उंचीवर चालतो. आजूबाजूला दीड-दोन फुटांत जळण्यासारखं काहीही नको. साखळीच घ्या म्हणतो ते यासाठीपण, दर आठवड्याला दोन-तीन इंच वर घ्यायचं असतं तेव्हा नुसती एक कडी बदलली की झालं.

शेड लोखंडी आहे म्हणजे तीन तारांची वायर, तीन पिनचा प्लग आणि घराला अर्थिंग पाहिजे. बऱ्याच जुन्या घरांत तिसरं भोक नुसतं शोभेला असतं, ते वायरमनला एकदा दाखवून घ्या, जमलं तर ईएलसीबी, म्हणजे करंट गळला की लाईट तोडणारा स्विच, बसवून घ्या. पाण्याची भांडी, ओला भुसा आणि करंट एकाच खोलीत आहेत, तिथे दोन पैसे वाचवायला जाऊ नका. एक्सटेन्शन बोर्डाला दुसरा बोर्ड, त्याला मोबाईलचा चार्जर, असली माळ नको. आणि पंख्याचा इलेक्ट्रॉनिक रेग्युलेटर लावून बल्ब मंद करायची जी आयडिया काही लोक देतात ती पंख्यापुरतीच ठेवा, तो मोठ्या बल्बसाठी बनवलेला नसतो.

गोल आणि गादी

चौकोनी खोकं नको. कोपऱ्यात पिल्लं एकावर एक चढतात आणि खालची गुदमरतात. गोल करायचा, फूट-दीड फूट उंच. पंचवीस पिल्लांना चार फूट व्यासाचा गोल म्हणजे एका पिल्लाला साधारण अर्धा चौरस फूट येतो. जुन्या पत्र्याची पट्टी उत्तम, कडा दुमडून घ्या. पुठ्ठा वापरायचा तर बल्ब बरोबर मधोमध पाहिजे. दुसऱ्या आठवड्यापासून गोल वाढवत न्यायचा.

खाली दोन इंच भाताचा तूस, तो नवापूर साइडला सहज मिळतो, नाहीतर भुईमुगाची टरफलं. लाकडाचा बारीक भुसा टाळा, पिल्लं तो दाणा समजून खातात, उडून बल्बवर बसतो आणि पेटही लवकर घेतो. पहिले दोन-तीन दिवस तुसावर काहीतरी अंथरायचं म्हणजे पिल्लं तूस खाणार नाहीत, पण नुसता गुळगुळीत पेपर अंथरला की पाय सरकून फाकतात आणि ते पिल्लू मग उभं राहत नाही. खरखरीत जुनं कापड नाहीतर पन्हाळी पुठ्ठा बरा. तो रोज बदला.

पाणी आणि खाद्य बल्बच्या बरोबर खाली नाही, कडेकडेने. तापलेल्या काचेवर पाण्याचा थेंब उडाला की बल्ब फुटतो.

एक रात्र रिकामी

पिल्लं यायच्या आदल्या दिवशीच सगळं लावून चालू करा. हे नव्वद टक्के लोक करत नाहीत, पिल्लं दारात आल्यावर वायर शोधतात. आधी लावल्याने जमीन आणि तूस गरम होतो, आणि दुसरं म्हणजे सेटअपची परीक्षा होते. तासाभराने स्विच बंद करून प्लग काढा आणि त्याच्या पिना, प्लगची पाठ, होल्डरच्या वरची वायर हाताने बघा. कोमट ठीक, चटका बसत असेल तर तो प्लग किंवा सॉकेट ढिला आहे, बदला. मग परत चालू करा आणि तळहात उलटा करून बल्बखाली, पिल्लाची पाठ असेल त्या उंचीवर, मिनिटभर धरा. काढून घ्यावासा वाटला तर बल्ब वर घ्या.

थर्मामीटर शंभर-दोनशेत वायरवाला डिजिटल मिळतो. त्याचं टोक तुसापासून दोन इंच वर, गरम भागाच्या कडेला ठेवा. भिंतीला टांगून काय उपयोग, पिल्लू भिंतीवर राहत नाही.

पिल्लं आली

खोक्यातून काढताना एकेकाची चोच पाण्यात बुडवून सोडा. पाणी कोमट, पहिल्या दिवशी त्यात थोडा गूळ. भांडं उथळ आणि त्यात चार स्वच्छ खडे, नाहीतर पिल्लं भिजतात, आणि भिजलेलं पिल्लू ऊब असली तरी गारठतं. लगेच खात नाहीत म्हणून घाबरू नका, पोटात बलक असतो त्यावर पहिले दोन दिवस निघतात. मक्याचा बारीक भरडा, मग चिक स्टार्टर, म्हणजे लहान पिल्लांचं तयार खाद्य.

तापमान असं, पहिला आठवडा ३५ अंश, दुसरा ३२, तिसरा २९, चौथा २६-२७, मग २४, आणि २१ पर्यंत आलं की पिसं भरलेली असतात.

पण आकड्याच्या मागे लागू नका, पिल्लं बघा. बल्बखाली गठ्ठा करून, जोरजोरात, न थांबता चिवचिवत असतील तर थंडी आहे. आमच्या आजीला थर्मामीटर माहीत नव्हता, ती अंथरुणातूनच म्हणायची, "पिल्लं बोंबली ऱ्हायनात, दख जरा", आणि ती बरोबर असायची. बल्बपासून लांब गोलाच्या कडेला पळाली, पंख पसरले, चोच उघडी टाकून धापा टाकत असतील तर जास्त झालं. सगळी एकाच बाजूला गेली असतील तर दुसऱ्या बाजूने कुठून तरी वारं येतंय, दाराच्या फटीला कापड लावा, पण खोली हवाबंद करू नका. आणि सगळीकडे विखुरलेली, काही खातायत, काही आडवी पसरून झोपलीत, आवाज बारीक, तर झोपायला जा. आडवं पडलेलं पिल्लू बघून नवीन माणूस मेलंच समजतो, नाही हो, ती तशीच झोपतात.

पहिल्या चार-पाच रात्री पहाटे तीन-चारच्या सुमाराला एकदा उठून बघाच. संध्याकाळी आठला बरोबर असलेलं तापमान पहाटे बरोबर नसतं. शेपटीखाली विष्ठा चिकटून वाळली असेल तर तेपण बहुतेक वेळा ऊब कमी-जास्त झाल्याचं लक्षण, कोमट पाण्याच्या कापसाने भिजवून हळू काढायचं, ओढायचं नाही. पाचव्या ते सातव्या दिवशी लासोटाची, म्हणजे राणीखेत रोगावरची लस असते, त्या दोन दिवसांत ऊब कमी करू नका.

इन्क्युबेटरला लावतात तो थर्मोस्टॅट बल्बलाही लावता येतो, चांगली वस्तू आहे, पण सेन्सर घट्ट बांधा. पिल्लांनी तो ओढून गोलाबाहेर नेला की त्याला वाटतं थंडी आहे आणि बल्ब बंदच होत नाही.

लाईट गेली तर

जाणार, हे धरूनच चाला. शेतातल्या खोलीत ब्रूडिंग, म्हणजे पिल्लांना ऊब देऊन वाढवायचा विचार असेल तर सोडा, शेतीच्या फीडरवर लाईट पाळीने येते. गावातल्या घरात इन्व्हर्टर असेल तर १५० एएचच्या बॅटरीत कागदावर १८०० वॅट-तास असतात, हातात बाराशे-चौदाशे धरा, म्हणजे अडीचशेचा बल्ब पाचेक तासांत बॅटरी खाली करतो आणि साठचे दोन रात्र काढतात. पुन्हा लहान बल्बच जिंकला बघा.

इन्व्हर्टर नसेल तर बाटल्यांत गरम पाणी, हाताला सोसेल इतकंच, बूच घट्ट, जुन्या गोधडीच्या तुकड्यात गुंडाळून गोलात ठेवायच्या, आणि गोलावर अर्ध्या भागात पोतं टाकायचं. मात्र पोतं टाकायच्या आधी बल्बचा स्विच बंद. नाहीतर लाईट येते, तुम्ही झोपलेले असता, आणि पोतं बल्बला टेकलेलं असतं. ह्या एका गोष्टीसाठी स्विचजवळ कागद चिकटवा.

कोळशाची शेगडी बंद खोलीत ठेवू नका. जुने लोक ठेवायचे, पण त्यांच्या कुडाच्या भिंतींना फटी होत्या. आता स्लॅब आणि सरकत्या खिडक्यांच्या खोलीत कार्बन मोनॉक्साइड साचतो, त्याला वास नसतो, पिल्लंही जातात आणि शेजारी झोपलेला माणूसही.

मार्चनंतरची गोष्ट वेगळी

वरचं सगळं थंडीचं. भुसावळ-जळगावला मे मधे दुपारी ४४-४५ अंश असताना बल्ब चालू ठेवणारे पण आहेत, कारण कोणीतरी सांगितलं की पहिला आठवडा बल्ब पाहिजे. खोलीतच ३८ च्या वर आहे तर बल्ब कशाला. दिवसा बंद, पाणी तीन-चारदा बदला, खिडकीला ओलं गोणपाट, कूलरचा झोत थेट अंगावर नको. रात्री दोननंतर पिल्लं एकत्र व्हायला लागली तरच साठचा एक लावा. माझ्या मते नवख्याने एप्रिल-मे मधे पिल्लं आणूच नयेत.

थोडं हात धुण्याबद्दल

पिल्लांना हात लावला की साबणाने हात धुवायचे, पोरांना गालाला लावू द्यायचं नाही. बाहेरच्या कोंबड्यांची चप्पल या खोलीत नको. देशात कोंबड्यांमधला बर्ड फ्लू पहिल्यांदा सापडला तो आपल्याच नवापूरला, २००६ च्या फेब्रुवारीत, आणि २०२१ ला परत तिथेच आला, तेव्हा लाखो पक्षी मारावे लागले. अचानक धडाधड मर व्हायला लागली तर ऊब कमी पडली असेल म्हणून बसू नका, जनावरांच्या दवाखान्यात कळवा.

बल्ब काढायचा कधी

तिसऱ्या आठवड्यापासून दिवसा ऊन असेल तेव्हा बंद ठेवून बघा. पाठीवर आणि छातीवर पिसं भरली, साधारण पाचव्या-सहाव्या आठवड्यात, की रात्रीचाही काढा, पण एकदम नाही, आधी दोनातला एक, तीन-चार रात्रींनी दुसरा. थंडीची लाट आली तर परत लावायला लाजू नका. मधल्या काळात दर दोन-तीन दिवसांनी बंद करून, पूर्ण गार झाल्यावर, बल्ब आणि शेडवरची धूळ कोरड्या फडक्याने पुसत जा, तुसाची धूळ साचून तीच करपते. काढल्यावर होल्डर उघडून बघा, आतली पितळी पट्टी काळी पडली असेल किंवा वायरचं रबर कडक होऊन तडकलं असेल तर पुढच्या लॉटला ते वापरायचं नाही, फेकून द्या. चांगलं असेल तर साखळीसकट खोक्यात भरून उंदरांपासून वर ठेवा, आणि मग त्या खोलीत हवा तेवढा कापूस भरा.